रेवतीचे वय

वेसावे कोळीवाडा, अंधेरी (प.)
९ सप्टेंबर २०२४

आदरणीय मा. वि. परब सर यांना कुंदा तांडेलचा नमस्कार.

तुम्ही मला ओळखत नाही. तुमचं शाब्दिक उदाहरणांचं पुस्तक माझ्याकडे आहे, १९८९ सालचं. पहिल्याच पानावर छापलंय, 'शंका असल्यास विद्यार्थ्यांनी पत्राने निःसंकोच विचाराव्यात', आणि खाली तुमचा मुलुंडचा पत्ता. फोन नंबरही आहे, पण तो लावला तर एक बाई सांगते, असा नंबरच नाही. म्हणून पत्र. पोस्टात पाकीट मागितलं तर आतल्या माणसाने मला वरपासून खालपर्यंत बघून घेतलं.

मी सतरा नंबरचा फॉर्म भरून बाहेरून दहावीला बसतेय. मार्चात पेपर आहे. बाकी विषय जमतील, पण बीजगणिताने वाट लावली आहे. तुम्ही प्रत्येक उदाहरणाच्या सुरुवातीला लिहिता, 'क्ष मानू'. जे आपल्याला माहीतच नाही ते मानायचं कसं? खोटं मानलं तर पुढचं सगळंच खोटं होणार ना?

दुसरी शंका गणिताची नाही. तुमच्या प्रत्येक प्रकरणात एक रेवती आहे. रेवतीजवळ काही पेरू आहेत, रेवतीने रिबीन कापली, रेवती ताशी चार किलोमीटर चालते. बाकीची नावं बदलतात, ही बदलत नाही. ही कोण?

आपली,
कुंदा तांडेल

*

मुलुंड (पू.)
१४ सप्टेंबर
(पाठवलं नाही)

चि. कुंदा हिस अनेक आशीर्वाद.

पोस्टमनने खालूनच हाक मारली, "परब सर, पत्र!" नवीन आहे, त्याला माहीत नाही. सर जाऊन चार वर्षं झाली. मी त्यांची बायको. दारावरची पाटी अजून त्यांच्याच नावाची आहे. या घरात हाताने लिहिलेलं पत्र शेवटचं कधी आलं ते मला आठवत नाही. तुझं पत्र मी उभ्याउभ्या तीनदा वाचलं, मग चहा टाकला आणि बसून चौथ्यांदा वाचलं.

रेवती म्हणजे मी. ती उदाहरणं माझी आहेत. मी गणित घेऊन बी.एस्सी. झाले, पण नोकरी केली नाही, म्हणजे करू दिली नाही. सरांना शाळेतून फुरसत नसायची. भाजी निवडता निवडता मी उदाहरणं रचायचे, सोडवायचे, आणि रविवारी सर ती सुवाच्य अक्षरात उतरवून काढायचे. पुस्तकावर शिक्षकाचंच नाव हवं असं प्रकाशक म्हणाले. प्रस्तावनेत शेवटी 'कुटुंबाचे सहकार्य लाभले' असं एक वाक्य आहे, ते कुटुंब म्हणजे मी. म्हणून हट्टाने प्रत्येक प्रकरणात एक रेवती घातली. पस्तीस वर्षांत एकाही माणसाने विचारलं नाही ही कोण. तू पहिली.

पण हे तुला कळवलं तर तू चार शब्द हळहळशील आणि पुन्हा लिहिणार नाहीस. तुला सर हवे आहेत. आणि तू पुन्हा लिहावंस असं मला फार वाटतं.

*

मुलुंड (पू.)
१५ सप्टेंबर २०२४

चि. कुंदा हिस आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. शंका चांगली आहे. आपण एखाद्याला भाऊ मानतो, तेव्हा तो खरा भाऊ आहे की नाही हे तपासत बसत नाही. मानतो, म्हणून त्याच्याशी बोलता येतं. अज्ञाताचंही तसंच. त्याला क्ष म्हटलं की त्याच्याबद्दल वाक्य लिहिता येतं. क्ष ही हाक आहे, उत्तर नव्हे. आणि दोन अज्ञात असतील तर एका वाक्याने भागत नाही, दोन वाक्यं लागतात. एकाच वाक्यावर विसंबलं तर वाटेल ती उत्तरं निघतात.

रेवती हे एक नाव आहे. उदाहरणात कोणाचं तरी नाव लागतंच.

वडिलांच्या सल्ल्याने अभ्यासाचं वेळापत्रक कर. मोबाइल लांब ठेव.

शुभेच्छुक,
मा. वि. परब

*

वेसावे
२८ सप्टेंबर २०२४

आदरणीय सर,

वेळापत्रकाचं वाचून एवढी हसले की बाजूची जानकी विचारायला आली. सर, माझे वडील जाऊन वीस वर्षं झाली. मी एकोणपन्नास वर्षांची आहे. अंधेरीच्या बाजारात मासळी विकते. आमचे हे, चंदर, पाच वर्षांपूर्वी गेले. मुलगा कृणाल मोठ्या जहाजावर आहे, कुठल्या कुठल्या बंदरातून दोन मिनिटं फोन करतो आणि विचारतो जेवलीस का. जेवते. पण एकट्यासाठी कालवण करायचं म्हणजे काय, एक तुकडा मासा आणि भांडंभर रस्सा. दुपारी घरी आले की भिंतीकडे बघायचं, म्हणून वही काढली. फॉर्मवर दर वेळी 'शिक्षण : दहावी नापास' लिहायचाही कंटाळा आलाय.

पण 'चि.' तेवढं राहू द्या. आई गेल्यापासून मला कोणी चि. म्हटलेलं नाही.

आता तक्रार. पान २१ वर तुम्ही लिहिलंय, एका टोपलीत पापलेट व बोंबील मिळून ४८ मासे आहेत, आणि बोंबील पापलेटच्या दुप्पट आहेत. एका टोपलीत? बोंबलाला पाणी सुटतं, पापलेटची पार वाट लागेल. आणि बोंबील कोण मोजतं? ढीग करून वाटा लावतात. तरी सोडवलं. पापलेट १६, बोंबील ३२. बरोबर आहे ना?

तुमची विद्यार्थिनी,
कुंदा

*

मुलुंड (पू.)
११ नोव्हेंबर २०२४

चि. कुंदा हिस अनेक आशीर्वाद.

बरोबर आहे. बोंबलांचंही तुझंच बरोबर, उदाहरण रचणाऱ्याने ते फक्त ताटात पाहिले होते.

उत्तराला उशीर झाला, रागावू नकोस. दिवाळीत इमारत रिकामी होती. समोरची गंधाली किल्ली देऊन गावाला गेली, तिच्या कुंड्यांना पाणी घालायचं काम होतं. आमच्या दारात एक पणती लावली, तिच्या दारात एक. चार दिवस कोणाशी बोलणं झालं नाही, आणि पाचव्या दिवशी दूधवाल्याशी बोलताना स्वतःचा आवाज अनोळखी वाटला. मग तुझी पत्रं मोठ्याने वाचली.

तुझी चूक कुठे होते ते सांगतो. तू समीकरण नीट मांडतेस, पण उत्तर आलं की मागचं पान उघडून बघतेस. त्याआधी ताळा करत जा. आलेली उत्तरं दोन्ही वाक्यांत घालून पाहायची. जमली, तर जगाला काहीही म्हणू दे.

रोज सकाळी चहा झाला की मी तुझ्यासाठी एक उदाहरण रचतो आणि आधी स्वतः सोडवते. सोबत दहा पाठवत आहे. एकाही टोपलीत दोन जातींचे मासे नाहीत.

शुभेच्छुक,
मा. वि. परब

*

वेसावे
६ जानेवारी २०२५

आदरणीय सर,

दहाच्या दहा सुटली. ताळ्यासकट. आता मनातली गोष्ट विचारते.

हे पुस्तक मी रद्दीतून घेतलेलं नाही. ते माझंच आहे, दहावीचं, चौतीस वर्षांपूर्वीचं. बाईंनी एकदा मला फळ्यावर बोलावून तुमचं सदतिसावं उदाहरण सोडवायला सांगितलं. 'माणिकचे वय त्याची पत्नी रेवती हिच्या वयापेक्षा ३ वर्षांनी जास्त आहे. रेवतीच्या वयाच्या दुपटीत माणिकचे वय मिळवल्यास ७८ होतात. तर दोघांची वये काढा.' मी काढली. माणिक २८, रेवती २५. बाईंनी मागचं पान उघडून वर्गाला वाचून दाखवलं. माणिक २४, रेवती २७. सगळे हसले. बाई म्हणाल्या, "कुंदा, लिहायची पाटी सोड, मासळीची पाटी घे डोक्यावर." पुन्हा गणिताची वही उघडली नाही. मार्चात नापास. मेमध्ये पाटी डोक्यावर.

नापास कदाचित तशीही झाले असते, त्या बाईंना सगळा दोष देत नाही. पण पुस्तक टाकवलं नाही. आज पुन्हा अकरा वेळा सोडवलं. दर वेळी २८ आणि २५. तुम्ही म्हणता तसा ताळा केला, तोही जमतो. मग माझं कुठे चुकतंय सर? कागद सोबत पाठवलाय, बघा.

एखाद्या रविवारी मुलुंडला येऊ का? समोर बसून समजून घेते. सुके बोंबील आणते, तुमच्यासाठी मोजून.

कुंदा

*

मुलुंड (पू.)
१४ जानेवारी २०२५

चि. कुंदा हिस आशीर्वाद.

येऊ नकोस. माझी प्रकृती बरी नसते, कोणाला भेटत नाही. सदतिसावं उदाहरण सोडून दे. छपाईतली चूक आहे. तुझं उत्तर बरोबर आहे. पुढच्या प्रकरणाकडे वळ.

मा. वि. परब

*

वेसावे
२७ जानेवारी २०२५

आदरणीय बाई,

सर नाही, बाई.

छपाईतली चूक मी बघितलेली आहे. आकडा बदलतो, काना गळतो. इथे अख्खं वाक्य उलटं झालंय. 'रेवतीचे वय माणिकच्या वयापेक्षा ३ ने जास्त' असं केलं की मागचं उत्तर बरोब्बर येतं, २७ आणि २४. म्हणजे मुळात बायको मोठी होती आणि कोणीतरी तिला लहान केलं. ज्याने वाक्य फिरवलं त्याने मागचं उत्तर फिरवलं नाही, कारण ते उत्तर त्याने काढलंच नव्हतं. म्हणजे पुस्तकाची माणसं दोन. हे झालं पहिलं समीकरण.

दुसरं तुमच्या दिवाळीच्या पत्रात आहे. एकाच ओळीत आधी 'रचतो' आणि मग 'सोडवते'. तेव्हा मला वाटलं, म्हाताऱ्या माणसाचा हात चुकला. आता तसं वाटत नाही.

दोन अज्ञात, दोन समीकरणं. मा. वि. परब म्हणजे माणिक. तुम्ही रेवती. तुमचे सर आहेत की नाहीत ते मला माहीत नाही, पण मला लिहीत ते नव्हते.

बाई, मी चिडलेय. पाच महिने मी एका माणसाला मनातलं सगळं लिहिलं आणि तो माणूसच नव्हता. पण त्याहून मोठं एकच विचारते. ते उदाहरण चुकीचं छापलंय हे तुम्हाला तेव्हा माहीत होतं का?

कुंदा

*

मुलुंड (पू.)
१ फेब्रुवारी २०२५

कुंदा,

माहीत होतं.

चि. लिहायचा हक्क मला आता उरला की नाही, कळत नाही. माझं पहिलं पत्र मी तुला पाठवलंच नव्हतं, ते आज सोबत पाठवते. त्यात सगळं आहे, सर गेल्याचंही.

मी त्यांच्याहून तीन वर्षांनी मोठी. आमच्या लग्नात सासरच्यांनी ही गोष्ट झाकली आणि पुढे ती झाकलेलीच राहिली. उदाहरण सदतीस मी लग्नाच्या वेळच्या वयांवर रचलं होतं, खोडी म्हणून. त्यांनी प्रेसला देताना वाक्य फिरवलं. "शाळेतली पोरं मला जगू देतील का? बायको मोठी कुठे असते?" म्हणाले. मी म्हटलं, अहो, मागचं उत्तर चुकेल. म्हणाले, पुढच्या आवृत्तीत बदलू. पुढची आवृत्ती निघालीच नाही. माणूस वाईट नव्हता गं. मला ताप आला की शाळेला दांडी मारून कपाळावर पट्ट्या ठेवायचा. पण लोकांना घाबरायचा. आणि मी गप्प बसले. एका उदाहरणाने कोणाचं काय बिघडणार आहे, असं मलाही वाटलं. तुझं बिघडलं, आणि ते मला आता कळतंय.

तुझी क्षमा मागते. खोट्या नावाने लिहिलं त्याचीही. मला भीती होती की खरं सांगितलं तर तुझी पत्रं थांबतील. आता थांबली तर तो माझाच दोष.

तुझा कागद परत पाठवते आहे. त्यावर लाल शाईने बरोबरची खूण केली आहे आणि खाली माझी सही. गणिताच्या कागदावर मी सही पहिल्यांदाच करते आहे.

पेपरला जाताना दोन पेनं ने.

रेवती परब

*

मुलुंड (पू.)
२० एप्रिल २०२५

कुंदा,

तुझे पेपर होऊन महिना उलटून गेला. कसे गेले एवढं जरी कळवलंस, तरी पुरे.

पोस्टमनची वेळ झाली की मी गॅलरीत उभी राहते. तो आता मान वर करत नाही, खालूनच हात हलवून 'नाही' म्हणतो. तुझ्यासाठी रोज एक उदाहरण रचते आहे, पाठवत मात्र नाही. आज मोजली, अठ्ठ्याहत्तर झाली. सदतिसाव्या उदाहरणासारखी, माझ्या वयाची दुप्पट अधिक त्यांचं वय. हसू आलं, आणि ते सांगायला घरात कोणी नव्हतं.

तू लिहिलं नाहीस तरी मी समजेन. पण मला फार एकटं वाटतं, हे एकदा कोणाला तरी सांगायचं होतं.

रेवती

*

वेसावे
१६ मे २०२५

आदरणीय बाई,

पास झाले! गणितात शंभरात एकसष्ट. कृणालला जहाजावर कळवलं तर ओरडला, "झकास, आई! पार्टी पाहिजे." जानकीने आख्ख्या गल्लीला पेढे वाटले, माझ्या आधी.

आता खरं सांगते. तुमचं फेब्रुवारीचं पाकीट आलं ते मी फोडलंच नाही. रागाने पिठाच्या डब्याखाली सारलं. म्हटलं, आधी पेपर. त्यात काय असेल याची भीतीही होती. 'माहीत नव्हतं' असं असतं, तर मी ते कधीच खरं मानलं नसतं. एप्रिलचंही त्यावरच ठेवलं.

पेपरात वयाचं उदाहरण आलं. बापलेकीचं. सोडवलं आणि सवयीने मागचं पान उलटलं, तर मागे कोरा कागद. परीक्षेत मागे उत्तर नसतंच ना! मग ताळा केला. पहिल्या वाक्यात घातलं, जमलं. दुसऱ्या वाक्यात घातलं, जमलं. तेव्हा तुमचा आवाज ऐकू आला. बाईचा आवाज, सरांचा नाही. आणि मी तुमचा आवाज कधी ऐकलेलाही नाही.

तरी राग गेला नव्हता. निकाल लागला त्या दिवशी दोन्ही पाकिटं घेऊन बाजारात गेले, गिऱ्हाईक कमी होतं तेव्हा फोडली. आधी तुमचं 'माहीत होतं' वाचलं. मग ती लाल खूण बघितली. चौतीस वर्षं मी त्या खुणेसाठी थांबले होते, बाई. बर्फ फोडता फोडता रडले. शेजारची रुचिका म्हणाली, काकी, बर्फ उडाला का डोळ्यात? म्हटलं, हो.

त्या वर्गातून निघाल्यापासून 'बाई' ही हाक मी कोणाला मारली नव्हती. जानेवारीत तुम्हाला रागाने मारली. आज तशी मारत नाही.

एप्रिलचं पत्र मी वेळेवर वाचायला हवं होतं. ती चूक माझी. अठ्ठ्याहत्तरच्या अठ्ठ्याहत्तर पाठवून द्या, दुपार माझीही रिकामीच असते.

पाकिटावर या वेळी तुमचं नाव घातलंय आणि मुद्दाम रजिस्टर केलंय. पोस्टमन काय म्हणाला ते कळवा.

तुमची विद्यार्थिनी,
कुंदा

*

मुलुंड (पू.)
२१ मे २०२५

चि. कुंदा हिस अनेक, अनेक आशीर्वाद.

पोस्टमन जिना चढून वर आला आणि म्हणाला, "रेवती परब कोण?" मी म्हटलं, मीच. त्याने पाटीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि सही घेतली. या घरात माझ्या नावाने आलेलं हे पहिलं पत्र. दुपारी गंधालीकडून स्टूल आणलं आणि पाटीवर सरांच्या नावाखाली रंगाने माझं नाव लिहिलं. ओळ तिरपी झाली आहे, पण वाचता येते.

अठ्ठ्याहत्तर उदाहरणं टपालाने पाठवत नाही. त्याऐवजी हे एकच सोडव.

रेवती जूनच्या दुसऱ्या रविवारी सकाळी दहा वाजता घाटकोपरहून मेट्रोत बसते. कुंदा त्याच वेळी वेसाव्याहून मेट्रोत बसते. रेवतीचे वय ७३, तिचा गुडघा दुखतो, आणि तिच्या पिशवीत वह्या आहेत. कुंदाच्या पिशवीत बोंबील आहेत, न मोजलेले. दोघींनी एकमेकींना कधीही पाहिलेले नाही. तर त्या कोणत्या स्टेशनावर उतरतील?

उत्तर मागच्या पानावर नाही. तू कळव, मी तिथे उतरते. ताळा भेटल्यावर करू.

तुझी बाई,
रेवती परब